आयुष्यभराची हमी, पण कोणाच्या आयुष्याची?

— ऊस विकास अधिकारी, शेतकी विभाग



या जागेवर दर अंकात आम्ही बेणे, खत, पाणी आणि पाचट यांविषयी लिहीत असतो. या खेपेस विषय मोटारगाडीचा आहे, आणि तोही अमेरिकेतल्या. ऊस सोडून हे कुठले खूळ, असे वाटेल. परंतु आपल्या कार्यक्षेत्रात आता असे एकही गाव नसेल की ज्या गावचा मुलगा किंवा मुलगी परदेशात नाही. शिवाय ज्याच्या दारात ट्रॅक्टर उभा आहे, त्यालाही हा विषय लागू आहे. तेव्हा शेवटपर्यंत वाचावे, ही विनंती.

झाले असे. मध्यंतरी आमच्या गट ऑफिसात एक जुने सभासद आले. त्यांना आपण तात्या म्हणू. आडसालीच्या नोंदीला आले असतील म्हणून आम्ही नोंदवही पुढे ओढली, तर तात्यांनी खिशातून मोबाईल काढून आमच्या पुढ्यात ठेवला.

"साहेब, पोरानं अमेरिकेतनं कागुद धाडल्यात. तीन वर्सं वापरलेली गाडी घेतोय म्हणं. डीलर म्हणतोय, इंजिन आन् गेरबॉक्सची आयुष्यभराची ग्यारंटी. पर शेजारच्या डीलरापेक्षा पंधराशे डालर जास्त मागतोय. घ्यावी का न्हाई?"

"तात्या, मोटारीतलं आम्हाला काय कळतंय? आम्ही उसातली माणसं."

"कळतंय का न्हाई ते म्या इचारलंच न्हाई. वाचून सांगा म्हणतोय. गेल्या येळेला न वाचताच सांगितलं हुतं तुमी."

आम्ही गप्प झालो. 'गेल्या वेळची' गोष्ट इथे सांगितलीच पाहिजे.

आमच्या सल्ल्याची किंमत

आठ-नऊ वर्षांपूर्वी तात्यांनी ऊस वाहतुकीसाठी नवा ट्रॅक्टर घेतला. बँकेचे कर्ज होते. पहिली दोन सर्व्हिसिंग तालुक्याच्या डीलरकडे झाली. तिसऱ्याच्या वेळी हंगाम भरात होता, ट्रॅक्टर एक दिवस उभा राहिला तर खेप बुडणार. प्लॉटवर भेट झाली तेव्हा आम्हीच म्हणालो, "तात्या, ऑईलच बदलायचं ना? गावातल्या मिस्त्रीकडून बदलून घ्या. तालुक्याला जाऊन दिवस कशाला मोडता?" तात्यांनी तसे केले. ऑईलही बरोबर नंबरचे घातले. पण पावती घेतली नाही, आणि सर्व्हिस बुकावर शिक्का पडला नाही.

पुढच्या हंगामात गिअरबॉक्स गेला. वॉरंटीची मुदत संपायला अवकाश होता. डीलरने सर्व्हिस बुक उघडले, तिसऱ्या सर्व्हिसिंगच्या रिकाम्या चौकटीवर बोट ठेवले आणि हात वर केले. दुरुस्तीचा खर्च तात्यांच्या ऊसबिलातून गेला, वाहतुकीचे तीन आठवडे बुडाले, आणि त्या वर्षी बँकेचा हप्ता थकला. तात्या आम्हाला एका शब्दाने बोलले नाहीत. आम्हीही कधी विषय काढला नाही. परवा ते बोलले, तेही एवढेच.

तेव्हा या खेपेस आम्ही कागद घरी नेले. दोन रात्री शब्दकोश घेऊन बसलो. इंजिनाविषयी आपल्या गॅरेज विभागाला विचारले, कायद्याविषयी ओळखीच्या वकिलांना. त्यातून जे समजले ते पुढे देत आहोत.

पॉवरट्रेन म्हणजे काय

अमेरिकेत या हमीला 'लाइफटाइम पॉवरट्रेन वॉरंटी' म्हणतात. पॉवरट्रेन म्हणजे शक्ती तयार करून चाकापर्यंत नेणारी साखळी. आपल्या कारखान्यात बॉयलरची वाफ टर्बाइन फिरवते, गिअरबॉक्स तो वेग कमी करतो, आणि मग मिलचे रोलर ऊस पिळतात. मोटारीतही तसेच. इंजिन, त्यानंतर गिअरबॉक्स म्हणजे ट्रान्समिशन, मग शाफ्ट, डिफरेन्शियल आणि ॲक्सल. गाडीतला सर्वांत महागडा भाग हाच. म्हणून त्याची हमी म्हटली की माणूस हुरळतो.

पण या साखळीतलाही प्रत्येक तुकडा हमीत नसतो. साधारणपणे पिस्टन, क्रँकशाफ्ट, कनेक्टिंग रॉड, कॅमशाफ्ट, ऑईल पंप आणि गिअरबॉक्सच्या पोटातले गिअर, म्हणजे तेलात बुडून चालणारे आतले भाग, हमीत येतात. क्लचची प्लेट, पट्टे, होस पाइप, स्पार्क प्लग, फिल्टर हे झिजणारे भाग बहुधा बाहेर राहतात. सेन्सर, सील आणि गॅस्केट यांचे काय, ते प्रत्येक कागदात वेगळे. इंजिन तापून गेले किंवा तेल कमी पडून जाम झाले, तर तो मालकाचा निष्काळजीपणा धरला जातो. बॅटरी, टायर, ब्रेक, एसी यांचा तर संबंधच नाही. थोडक्यात, 'गाडीची हमी' असे ऐकू येते, पण कागदावर गाडीच्या एका भागाची, आणि त्यातल्याही काही तुकड्यांची हमी असते.

तीन कागद, तीन धनी

अमेरिकेत गाडी घेताना तीन प्रकारचे कागद पुढे येतात. ते एकमेकांत मिसळू देऊ नयेत.

पहिला कागद गाडी बनवणाऱ्या कंपनीच्या हमीचा. ती वर्षे आणि मैल यांत मोजतात, जे आधी संपेल ते. टोयोटा, होंडा, फोर्ड यांची पॉवरट्रेनची हमी तिकडे ५ वर्षे किंवा ६०,००० मैल, म्हणजे सुमारे ९६,५०० किलोमीटर अशी आहे. ह्युंदाईची पहिल्या मालकाला १० वर्षे किंवा १,००,००० मैल आहे. पण गाडी विकली की दुसऱ्या मालकाला ती एवढी मिळत नाही. कंपनीच्या हमीचा मोठा गुण असा की, त्या कंपनीच्या देशभरातल्या कोणत्याही डीलरकडे ती चालते.

दुसरा कागद डीलरने स्वतः दिलेल्या हमीचा. 'आयुष्यभर' हा शब्द बहुधा इथे असतो. तिच्यामागे गाडीची कंपनी नसते. विकणारे दुकान किंवा त्याने नेमलेली एखादी व्यवस्थापक कंपनी असते.

तिसरा कागद म्हणजे वेगळे पैसे मोजून घेतलेला सेवा करार. लोक त्यालाही 'वाढीव वॉरंटी' म्हणतात, पण तिकडच्या कायद्याने तो करार वेगळा आणि त्याचे नियमही वेगळे.

बेणे कृषी विद्यापीठाचे, की नर्सरीवाल्याचे, की शेजाऱ्याच्या बांधावरचे, हे आपण लागणीपूर्वी विचारतो. हमीचेही तसेच. तिचा धनी कोण, हे आधी विचारावे.

आयुष्य कोणाचे?

आयुष्य गाडीचे, मालकाचे, की दुकानाचे? बहुतेक डीलरांच्या कागदात अर्थ असा असतो की, मूळ खरेदीदाराच्या नावावर गाडी असेतोपर्यंत. गाडी विकली, भावाच्या नावावर केली, की आयुष्य संपले. गाडी टॅक्सीसाठी किंवा धंद्यासाठी वापरली, तरी बहुधा संपले. आणि पुष्कळ कागदांत आणखी एक कलम असते की, दुरुस्तीचा एकूण खर्च गाडीच्या त्या वेळच्या किमतीपेक्षा जास्त झाला, की देणे थांबेल. बारा वर्षांच्या गाडीची किंमत ती काय! म्हणजे हमी जसजशी जुनी होईल तसतशी तिची किंमत उतरत जाते.

हा घोळ अमेरिकन सरकारच्याही ध्यानात आला होता. तिथल्या फेडरल ट्रेड कमिशनने १९८५ साली जाहिरातींसाठी दिलेल्या मार्गदर्शनात म्हटले आहे की, 'आयुष्यभर' असा शब्द वापरणाऱ्याने ते आयुष्य कशाचे, हे स्पष्ट सांगावे. त्यासाठी दिलेले उदाहरणही मोटारीच्या सायलेन्सरचेच आहे.

एका मोठ्या कंपनीची गोष्ट

'आयुष्यभर' या शब्दाचे काय होऊ शकते, ते क्रायस्लर कंपनीच्या उदाहरणावरून दिसते. जुलै २००७ मध्ये या कंपनीने आपल्या बहुतेक नव्या गाड्यांना पॉवरट्रेनची आजीवन हमी जाहीर केली. ही हमी डीलरची नव्हती, खुद्द कंपनीची होती. अटी दोन होत्या. एक, ती फक्त पहिल्या मालकाला. दोन, दर पाच वर्षांनी ठरलेल्या मुदतीत गाडी डीलरकडे नेऊन तपासून घ्यायची. तपासणी चुकली की हमी गेली. पाच वर्षांनी एकदा येणारी तारीख कोण लक्षात ठेवतो? आपण आपल्या मातीपरीक्षणाची ठेवतो का, ते ज्याचे त्याने सांगावे.

पुढे दोनच वर्षांत कंपनी आर्थिक संकटात सापडली. लोक गाड्या घ्यायला कचरू लागले, तेव्हा ३० मार्च २००९ रोजी राष्ट्राध्यक्ष ओबामा यांना जाहीर करावे लागले की, या गाड्यांच्या हमीमागे सरकार उभे राहील. ३० एप्रिल रोजी कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला, आणि मे महिन्यात ७८९ डीलरांशी संबंध तोडत असल्याचे सांगितले. २०१० च्या मॉडेलपासून आजीवन हमी जाऊन ५ वर्षे किंवा १,००,००० मैलांची हमी आली.

यात समजून घेण्याची गोष्ट अशी. कंपनी मोठी होती म्हणून सरकार मागे उभे राहिले. एखाद्या गावातल्या एका डीलरने स्वतःच्या शब्दावर दिलेल्या हमीमागे कोण उभे राहणार? दुकान बंद पडले किंवा दुसऱ्याने विकत घेतले, तर कागद कोणाकडे न्यायचा? विमा कंपनीचा आधार असेल तर ठीक. तो नसेल तर डीलरचे आयुष्य तेच हमीचे आयुष्य.

डीलरला हे परवडते कसे?

तात्यांनी हा प्रश्न विचारला. "फुकाट कोन देतंय साहेब आयुष्यभर?" बरोबर आहे. त्याचे गणित असे.

पहिली काही वर्षे कंपनीची हमी चालू असते, त्यामुळे त्या काळातली मोठी दुरुस्ती कंपनीच्या अंगावर जाते. डीलरचा भार त्यानंतर सुरू होतो. तोपर्यंत बरेच मालक गाडी विकून मोकळे होतात. उरलेल्यांपैकी ज्यांचे एखादे सर्व्हिसिंग चुकले, ते गळतात. जे टिकतात ते वर्षानुवर्षे ऑईल, फिल्टर, ब्रेकसाठी त्याच वर्कशॉपला येत राहतात, आणि डीलरला त्यातून उत्पन्न मिळते. यात लबाडीच असते असे नाही. जो मालक नेमाने गाडी नेतो, एकाच गावात राहतो आणि दहा-बारा वर्षे गाडी बदलत नाही, त्याला हा सौदा खरोखर फायद्याचा ठरू शकतो. खोडवा राखावा तसे हे आहे. जो नीट राखतो त्याला परवडते, आणि लागण करून विसरतो त्याच्या हाती काही लागत नाही.

कायदा काय म्हणतो

अमेरिकेत १९७५ सालापासून मॅग्नसन-मॉस वॉरंटी कायदा आहे. लेखी हमी 'पूर्ण' की 'मर्यादित' हे कागदावर लिहावे लागते, आणि गिऱ्हाइकाला ती खरेदीपूर्वी वाचायला मिळावी लागते. या कायद्याचे आणखी एक कलम मोलाचे आहे. ठरावीक कंपनीचाच सुटा भाग वापरा किंवा ठरावीक ठिकाणीच सर्व्हिसिंग करा, तरच हमी चालेल, अशी अट हमी देणाऱ्याला सहसा घालता येत नाही. तो भाग किंवा ती सेवा फुकट दिली, अथवा कमिशनची खास परवानगी घेतली, तर गोष्ट वेगळी. मात्र सर्व्हिसिंग वेळेवर झाल्याचा पुरावा तो मागू शकतो. म्हणजे बाहेरच्या मिस्त्रीकडे जायला हरकत नाही, पण पावती पाहिजे. हे वाचताना आम्हाला तात्यांचे ती रिकामी चौकट असलेले सर्व्हिस बुक आठवले.

जुन्या गाडीविषयीही तिकडे बहुतेक राज्यांत नियम आहे. डीलरकडच्या प्रत्येक वापरलेल्या गाडीच्या काचेला 'बायर्स गाइड' नावाचा कागद लावावा लागतो. गाडी 'आहे तशी' विकली जाते की हमीसह, आणि हमी असल्यास दुरुस्तीचा किती टक्के खर्च डीलर देणार, हे त्यावर असते. तो कागद कराराचा भाग धरला जातो. तोंडी आश्वासने लेखी करून घ्या, असे त्यावरच छापलेले असते.

विचारायचे सात प्रश्न

आम्ही तात्यांच्या मुलाला पुढील प्रश्न लिहून पाठवले, आणि उत्तरे तोंडी न घेता कागदावर दाखवायला सांगितले.

१. हमी कोण देतो : गाडीची कंपनी, डीलर, की तिसरीच कंपनी? मागे विमा आहे का?

२. आयुष्य म्हणजे कोणाचे? गाडी विकल्यावर काय?

३. कोणते भाग आत आणि कोणते बाहेर? पूर्ण यादी दाखवा.

४. सर्व्हिसिंग किती मैलांनी, कोठे, आणि पुरावा काय? एखादे चुकले तर पुन्हा हमी जोडता येते का?

५. दुसऱ्या राज्यात राहायला गेलो, किंवा वाटेत गाडी बंद पडली, तर दुरुस्ती कोठे? आधी परवानगी लागते का?

६. दर दुरुस्तीला आपल्या खिशातून किती द्यायचे? एकूण देण्याला कमाल मर्यादा आहे का?

७. कंपनीच्या मूळ हमीतले किती शिल्लक आहे? ही हमी नको म्हटले तर गाडीची किंमत किती?

सातवा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा ठरला. ती गाडी तीन वर्षांची, ३४,००० मैल चाललेली. कंपनीची पॉवरट्रेनची हमी ५ वर्षे किंवा ६०,००० मैल. म्हणजे दोन वर्षे किंवा २६,००० मैल, जे आधी संपेल ते, तसेही शिल्लक होते, आणि शेजारच्या डीलरकडच्या तशाच गाडीलाही ते होतेच.

आपल्या दारातले

आता आपल्याकडचे. ट्रॅक्टरची वॉरंटी वर्षे किंवा तास, जे आधी संपेल त्यावर असते, हे ध्यानात असू द्यावे. ऊस वाहतुकीला ट्रॅक्टर लावला, की तास भराभर चढतात. शेतकाम आणि वाहतूक यांना एकच अट आहे की वेगळी, हे ट्रॅक्टर घेण्यापूर्वी कागदावर वाचून घ्यावे.

वाद झालाच तर आपल्याकडे ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ आहे. योग्य चाचणीचा आधार नसताना वस्तूच्या कामाची किंवा आयुष्याची हमी लोकांना देणे, ही त्या कायद्याने अनुचित व्यापारी प्रथा ठरते. कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत जिल्हा ग्राहक आयोगाकडे तक्रार करता येते, आणि आपण राहतो त्या जिल्ह्यातही ती दाखल होते. व्यापारी हेतूने घेतलेल्या वस्तूला हा कायदा लागू नाही. तथापि स्वतः राबून पोट भरण्यासाठी घेतलेल्या वस्तूला तो लागू आहे. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. पण आयोगापुढेही शेवटी पावतीच बोलते, तोंडी शब्द तिथे उभा राहत नाही.

सभासदांना सूचना अशी की, ट्रॅक्टरचे सर्व्हिस बुक, ऑईलची बिले, मिस्त्रीची पावती आणि तासांची नोंद एका फाईलीत ठेवावी. मिस्त्रीकडे छापील पावती नसेल तर कोऱ्या कागदावर तारीख, तास, ऑईलचा नंबर लिहून सही घ्यावी. मात्र वॉरंटी चालू आहे तोवर, बाहेर काम करून घेण्यापूर्वी, आपल्या कागदात ते चालते का हे पाहावे. इंग्रजी कागद कळत नसेल तर गट ऑफिसात आणावा. आम्ही वाचू, आणि मगच बोलू.

तात्यांच्या मुलाचे काय झाले

आठ दिवसांनी उत्तरे आली. हमी डीलरची स्वतःची होती, मागे विम्याचा उल्लेख नव्हता. दुरुस्ती फक्त त्याच वर्कशॉपमध्ये. गाडी दुसऱ्याच्या नावे होताच हमी रद्द. मुलाचे काम दोन वर्षांच्या कराराचे, पुढे कोणत्या राज्यात जावे लागेल ते त्यालाच ठाऊक नाही. म्हणजे कंपनीची हमी जेव्हा संपेल, नेमका तेव्हाच तो गाव सोडणार. पंधराशे डॉलर भरून त्याच्या हाती काय उरले असते? त्याने शेजारच्या डीलरकडची गाडी घेतली, घेण्यापूर्वी परक्या मिस्त्रीकडून तपासून घेतली, आणि वाचलेले पैसे पुढच्या दुरुस्तीसाठी बाजूला टाकले. तोच मुलगा त्याच गावात दहा वर्षे राहणार असता, तर आमचे उत्तर कदाचित वेगळे आले असते.

तात्यांना आम्ही हे सांगितले तेव्हा ते म्हणाले, "मंजी ते गाडीचं आयुष्य न्हवंच. त्या डीलरच्या गावात ऱ्हाण्याचं आयुष्य."

इतके दिवस राहून गेलेले आम्ही मग बोललो. म्हटले, "तात्या, त्या ट्रॅक्टरच्या वेळी चूक आमची होती. पुस्तक न बघता सांगितलं."

तात्या जरा वेळ बाहेर उभ्या असलेल्या ट्रॅक्टरकडे बघत राहिले. "ऱ्हाऊ द्या आता ते," म्हणाले. "पर लोकास्नी लिवा. तेवढं करा."

म्हणून हा लेख.